चहा गरम होता म्हणून

आर्वीच्या बसस्टँडवर अन्नपूर्णानं ‘नसबंदी’ हा शब्द काढला, आणि चहाची टपरी बघता बघता रिकामी झाली. बिचारी! आणीबाणी सरून सहा-सात वर्षं झाली होती. सरकार आणि डॉक्टर यांनी मिळून पुरुषांच्या देहावर तेव्हा जो हक्क गाजवला, त्यावर प्रबंध लिहायला ती नागपूरहून आली होती. पण ज्यांनी बोलायचं, तेच पळाले. एक जण तेवढा बसून राहिला — रूपराव मास्तर.

“तुम्ही नाही पळालात?”

“चहा गरम हाय, मॅडम,” बशीत फुंकर घालत तो म्हणाला.

तिला हसूच फुटलं.

मग हिवाळाभर तो तिला गावोगाव घेऊन फिरला. बाईमाणसासमोर पुरुष बोलेनात, म्हणून आधी हा पारावर बसून तुरीच्या शेंगा सोलत गप्पा काढायचा. मग तिला खुणेनं बोलवायचा. सोललेले दाणे तिच्या ओंजळीत टाकताना त्याची बोटं जरा रेंगाळायची... आणि हिची ओंजळ काही लवकर मिटायची नाही. वेडी झाली होती पोरगी.

शेवटच्या दिवशी, त्याच टपरीवर, ती म्हणाली, “काम संपलं. आता... थांबायचं असेल तर घरी काय कारण सांगू?”

तो हसला नाही. “समद्यायले विचारलं तुमी. मले काऊन नाई?”

“तुमचं तर लग्नसुद्धा—”

“नव्हतं झालं. पण मास्तरायले हुकूम होता. एक माणूस आणा, नाईतर पगार बंद. आमच्या गावच्या कवडूले घेऊन निघालो. एकच पोरगी त्याची. अर्ध्या वाटेतून त्याले वापस पाठवलं... अन् मीच जाऊन झोपलो टेबलावर.”

कालच अन्नपूर्णानं मनातल्या मनात दोघांच्या होणाऱ्या मुलीचं नाव ठरवून ठेवलं होतं. डोळे भरून आले, आणि ते त्यानं पाहिलं.

“नागपूरची गाडी लागली, मॅडम. जा तुमी.”

“त्या दिवशी... चहा खरंच गरम होता?”

“नाई,” तो खाली बघत म्हणाला. “कोणीतरी मलेबी विचारंल, म्हणून बसलो होतो.”

तिनं खांद्यावरची पिशवी उतरवून बाकावर ठेवली आणि दोन चहा सांगितले.

गाडी गेली. त्याचा हात घट्ट धरून ती रडत राहिली, आणि तोही. चहा पार निवून गेला, तरी दोघांतलं कुणी उठलं नाही.