परटाच्या सुनेची पहाट

बाहेरच्या खोलीत गाद्या अंथरून झाल्या, दिवा मालवला, आणि माझ्या दिराने अंधारातून खडा टाकला, "काका, एखादी सांगा ना. पण खरी."

आमचे चुलतसासरे गुरांच्या दवाखान्यात कंपाउंडर होते. बैलाला औषध पाजताना घाई चालत नाही, ती सवय त्यांच्या बोलण्यातही उतरलेली. त्यांनी आधी पाय ताणले, मग उशी उलटी केली.

"मी सांगतो ती खरीच असते. ही बाई माझ्या माहितीतली. नदीकाठच्या परटाची सून. घड्याळं यायच्या आधीची गोष्ट."

"म्हणजे कधीची?"

"वेळ मोकळी हिंडायची तेव्हाची."

नणंद फिस्सकन हसली.

"हस. पण सांग, आपण 'थोडा वेळ' म्हणतो आणि 'चांगली वेळ'ही म्हणतो. तो आणि ती, दोन्ही का? नर-मादी असल्याशिवाय पैदास कशी होणार?"

काका पुढे सांगू लागले.

"पळं म्हणजे चिलटं. पाण्यावर, दिव्याभोवती थवेच्या थवे. ती टिपायला घटका यायच्या, पाखरांसारख्या, छपरावर ओळीनं बसायच्या. आणि प्रहर म्हणजे मोठी जनावरं. कळपानं गावातून जायचे, ज्याच्या दारावरून जे जनावर गेलं, त्याच्या घरी तो प्रहर. म्हातारे प्रहर रानात जाऊन पडायचे, कुजायचे, त्यातून पुन्हा पळं उठायची. एकाने दुसऱ्याला खायचं, दुसऱ्याने तिसऱ्यावर वाढायचं. सगळं बेतात."

"आणि भूत?" दीर.

"भूत नाही. अवेळ."

तो शब्द त्यांनी असा उच्चारला की मी पाय पांघरुणात घेतले.

"अवेळेला कळप नसतो. ती रात्रीच्या कळपामागून चालायची. त्यात शेवटी असते पहाट. वासरासारखी, अडखळत. तीच उचलायला सोपी. पण माणसाच्या वाट्याची पहाट तिला तशी नेता यायची नाही. आधी विचारावं लागायचं. मागून, ओळखीच्या आवाजात. 'थोडा वेळ आहे का गं?' बास. आपण सवयीनं 'हो' म्हणतो आणि संपलं. शेजारी उन्हात धुणं वाळत घालतायत, आणि या घरात रात्र. झोपलेलं माणूस उठायचं नाही. पोटातलं मूल बाहेर यायचं नाही."

"गप्प राहिलं तर?" नणंदेने विचारलं.

"गप्प म्हणजे हो. घराघरात तसंच असतं की."

"आणि नाही म्हटलं तर?"

हे मी विचारलं. लग्न होऊन तीन महिने झाले होते, आणि बाहेरच्या खोलीत मी आपणहून विचारलेला हा पहिलाच प्रश्न असावा.

"तोवर कुणी म्हणून बघितलं नव्हतं," काका म्हणाले.

"तर अमावास्येची आदली रात्र. थंडी सरत आलेली, वारा पडलेला. परटाची मुलगी बाळंतपणाला माहेरी आलेली, तिला कळा सुरू झाल्या. सासूनं सुनेला सांगितलं, पलीकडच्या काठावरून सुईणीला घेऊन ये."

"नणंद-भावजयीचं पटायचं?" माझ्या नणंदेचा आवाज.

"छे! हिच्या धुण्याला ती पहिल्या दिवसापासून नाक मुरडायची. नीळ जास्त, खळ कमी. पण सून गेली. 'हो आई, आले आई' यापलीकडे तिचा आवाज घरात कुणी ऐकलाच नव्हता. कंदील घेतला, पूल ओलांडला, सुईणीला उठवलं. कंदिलाभोवती पळं भिरभिरत होती. सगळं ठीक होतं."

काकांचा आवाज खाली आला.

"परतताना पुलावर तिनं कंदिलाकडे बघितलं. एक चिलट नाही.

"पाऊल टाकलं. पुन्हा तिथंच. दुसरं टाकलं. तिथंच…

"सुईण म्हातारी, तिला कळलं. म्हणाली, 'मागे बघू नकोस. एक पहाट गेली तर गेली.' ही म्हणाली, 'आणि घरात ती अडलीय, तिचं काय?'

"सुईणीनं पदर डोळ्यांवर ओढला.

"शेजारून कळप चालला होता. दिसत नव्हता. नुसती ऊब. मग ती ऊबही पुढे गेली. आणि मागे… लहान खुरं. थांबत… चालत… थांबत…

"आणि आवाज आला. सासूचा.

"'सूनबाई… थोडा वेळ आहे का गं?'"

अंधारात माझ्या सासूबाईंनी कूस बदलली.

"'हो' तिच्या दातांपाशी आला होता," काका म्हणाले. "सवयच ती. तिनं तो गिळला. आणि वळली. वळायचं नसतं, ती वळली. म्हणाली, 'नाही.'

"काही नाही. श्वास फक्त. जवळ.

"मग आईचा आवाज. तिची आई लग्नाआधीच गेली होती. 'थोडासाच, बाळ…'

"रडली ती. रडत म्हणाली, 'नाही.' आणि मग जे तोंड सुटलं तिचं! 'वेळ आहे माझ्याकडे, ढीगभर आहे, पण तो माझा आहे! आणि ही पहाट माझ्या नणंदेची. ती माझ्या धुण्याला नावं ठेवते ना? ठेवू दे. ठेवायला ती जिवंत हवी मला! तुला काय वाटलं, सासूचा आवाज चोरला की सून वाकते? चल, नीघ!'

"कंदील ठेवला खाली. वाकली. हातांना लागलं ते लहान जनावर उचललं आणि खांद्यावर टाकलं. थरथरत होतं. चालायला लागली. मागे श्वास. पुलावर श्वास. गल्लीत श्वास. दारापर्यंत…

"तिनं पायानं दार लोटलं.

"आणि आतून बाळ रडलं. खिडकीत उजाडत होतं."

आम्ही सगळ्यांनी एकदम श्वास सोडला.

"मुलगी झाली. सुईण मागून धापा टाकत आली तेव्हा फक्त नाळ कापायची उरली होती. नणंदेनं डोळे उघडले आणि पहिलं वाक्य काय, तर 'वहिनी, पदर किती मळवलायस!'"

नणंद मोठ्याने हसली, मग अंधारात तिने माझा हात चाचपून धरला.

"आणि अवेळ?" दिराने विचारलं.

"कोण जाणे. पुढे घड्याळं आली, ते रानच नाहीसं झालं. मी लहान असताना ती परटीण म्हातारी झाली होती. रस्त्याकडेला टेबल टाकून इस्त्री करायची. भर दुपारी सगळ्यांच्या सावल्या पायाखाली, आणि हिची पश्चिमेकडे लांब पसरलेली, उगवतीला पडावी तशी. लोक म्हणायचे, दुपारची बाहेर बसू नकोस, पोरं भितात. ती मुद्दाम दुपारचीच बसायची. टेबल आणखी पुढे ओढून."

"तुम्ही पाहिलीत?"

काकांनी पांघरुणातून पाय बाहेर काढले.

"पाहिली म्हणजे… एकदा त्या सावलीत उभा राहिलो होतो. अनवाणी. कडक उन्हाळा, डांबर वितळलेलं."

"मग?"

"पाय दवानं भिजले."