‘जेवलात का’ विचारणारी

दार ओढून घे धनंजय, एसीची हवा जाते. आज गटारी, आणि आपण शारजात. म्हणजे ताटात कोंबडी, पेल्यात लबान, म्हणजे इथलं ताक, आणि बाकीचं ज्याचं त्याने आठवणीत प्यायचं. सिद्धांत, तो मोबाईल आवाज बंद करून उलटा ठेव. हसू नकोस. ऑफिसात मॅनेजर सांगतो तेव्हा हसतोस का?

गोष्ट सांगा, गोष्ट सांगा म्हणून डोकं खाल्लंत, तर ऐका. मात्र नंतर एकट्याला बाथरूमला जाववत नाही म्हणून मला, ह्या राजाभाऊला, उठवायचं नाही. राजाभाऊचं वय झालंय.

समाधान तुम्हाला माहीत नाही, तुम्ही नंतर आलात. लांज्याकडचा पोरगा. साजाच्या लेबर कॅम्पात माझ्याच खोलीत राहायचा, माझ्याच हाताखाली एसीचे डक्ट साफ करायचा. अंगाने शिडशिडीत, त्यामुळे छतात शिरायचं काम त्याच्याच गळ्यात. आई लहानपणी गेलेली, भाऊ-भावजय आपल्या संसारात. रात्री जेवणं झाली की कॅम्पातली पोरं घरी फोन लावतात. कोणी आईशी बोलतो, कोणी बायकोशी भांडतो. हा गादीवर पडून सगळ्यांचं ऐकायचा. अख्ख्या दिवसात त्याला ‘जेवलास का’ असं विचारणारं कोणी नव्हतं. एवढं ध्यानात ठेवा. पुढचं सगळं त्यातूनच झालं.

गेल्या वर्षीची दिव्याची अवस. चार ऑगस्ट, रविवार. समाधान कंपनीच्या बसने शहरात, रोल्ल्याच्या बाजारात आला होता, मोठी बॅग घ्यायला. त्याचं लग्न ठरलं होतं. रुपाली नावाची मुलगी, तुळशीच्या लग्नानंतरची तारीख. बॅग घेतली. मग तो हनीफच्या मोबाईलच्या दुकानात गेला, सिमकार्ड बदलायला. दुसऱ्यांदा.

पहिलं सिम हनीफकडूनच घेतलेलं, आदल्या थंडीत. नंबर नवा म्हणायचा, पण कोणीतरी वापरून सोडलेला. इथे नंबर असेच फिरतात. पहिल्याच रात्री मिस कॉल आला. इंडियाचा नंबर. एक रिंग, खलास. दुसऱ्या रात्री पुन्हा एक. आता एक रिंग म्हणजे काय, हे तुम्हा फॅमिली फ्लॅटवाल्यांना कळणार नाही. कॅम्पात ती बोली आहे. व्हॉट्सअॅपवर कॉल इथे लागत नाही, साधा कॉल परवडत नाही. मग रोज एक रिंग द्यायची. ‘मी बरा आहे, खोलीवर पोचलो, जेवलो.’ घरून परत एक रिंग येते. की माणूस झोपायला मोकळा.

कोणाचा तरी चुकून येतोय हे समाधानला कळत होतं. तरी काही रात्रींनी त्याने परत एक रिंग दिली. का? का काय, सिद्धांत! कोणीतरी आपल्यासाठी फोन हातात घेतलाय, एवढं त्या पोराला पुरत होतं.

मग रोल्ल्यातल्या जुन्या थिएटरात तो तमिळ सिनेमा लागला. आमच्या कॅम्पवाल्यांचं सिनेमाचं एक दुखणं आहे. रविवारी बस संध्याकाळी सोडते आणि नऊला परत निघते. ड्रायव्हर सख्ख्या भावासाठी थांबायचा नाही. त्यामुळे आम्ही सगळ्यांनी सिनेमे इंटरव्हलपर्यंतच पाहिलेत. पुढचा अर्धा बसमध्ये ज्याने त्याने आपल्या मनाने जोडायचा.

तर सिनेमात हिरोला राँग नंबर लागतो. पलीकडच्या पोरीला वाटतं, आपलाच माणूस बोलतोय. हा सांगत नाही, रोज बोलत राहतो. शेवटी एकदा धीर करून सांगतो, मी तो नव्हे. ती नुसती हसते आणि म्हणते, ‘तेरियुम.’ थिएटर शिट्ट्यांनी डोक्यावर घेतलं. समाधानने शेजारच्याला विचारलं, तेरियुम म्हणजे काय? तो म्हणाला, “मालूम है. उसको पहले से मालूम है.” आणि इंटरव्हल. समाधान बस पकडायला पळाला. त्याच्यापुरता सिनेमा तिथेच गोड झाला.

त्या रात्री रिंग आल्याबरोबर त्याने फोन उचलला.

बाईचा आवाज. दमलेला, पण मऊ. “साप्टिंगळा?”

एवढं तमिळ इथे सगळ्यांना येतं. जेवलात का?

“साप्टाच्चु,” समाधान म्हणाला. जेवलो. तिकडून फोन ठेवला.

मग ते रोजचंच झालं. तिने विचारायचं, याने सांगायचं. मी तुमचा माणूस नव्हे, मी समाधान, हे एक वाक्य त्याने काही म्हटलं नाही. त्याला वाटायचं, कोणाचं काय बिघडतंय? पोराचा चेहरा उजळला होता. मी चेष्टा करायचो, लेका, डक्टमध्ये शिरतोस की बोहल्यावर चढतोस? मला तेव्हा काय माहीत.

पुढे रुपाली ठरली आणि फोन वाढले. रुपालीशी बोलत असला की मध्ये कॉल. डक्टमध्ये पोटावर सरकत असला की छातीखाली रिंग. उचलला की तेच, साप्टिंगळा? दुपारी तेच. पहाटे तेच. नाही उचलला तर वाजतच राहायचा. घाबरून त्याने सिम बदललं. नवा नंबर फक्त मला आणि रुपालीला दिला. त्याच रात्री नव्या नंबरवर एक रिंग आली.

म्हणून तो त्या रविवारी हनीफच्या काउंटरसमोर उभा होता. हनीफ कासरगोडचा, त्याला तमिळ येतं. समाधानने त्याला फोनमधला तो इंडियाचा नंबर दाखवला आणि म्हणाला, ह्या बाईला जरा समजावून सांग.

हनीफने नंबर पाहिला. हातातला चहा खाली ठेवला.

“समाधान भाई, ये औरत तो गुजर गई.”

मग त्याने सगळं सांगितलं. तिचं नाव तेन्मोळी. तिचा नवरा मुनियांडी हनीफच्याच दुकानातून तिच्या मोबाईलचं रिचार्ज करायचा, म्हणून नंबर ओळखीचा. मुनियांडी फुजैराला कामावर परांचीवरून पडून जागीच गेला. तिला छातीचं दुखणं होतं. एकदम सांगू नका, असं तिच्या भावानेच कळवलं. इथून मयत पाठवायची म्हणजे कागदपत्रांना वेळ लागतो. तोवर बाईला संशय येऊ नये म्हणून खोलीतल्या सोबत्यांनी काय केलं... मुनियांडीच्या मोबाईलवरून रोज रात्री एक रिंग देत राहिले.

चांगल्या मनानेच केलं रे. आपल्यातलं कोणीही केलं असतं.

पेटी गावाला पोचली. सील केलेली, उघडायची नाही. तेन्मोळी पेटीजवळ रडली नाही. म्हणाली, काल रात्री त्यांची रिंग आली, मग ह्यात कोण आहे? लोकांनी हात जोडून समजावलं. तिने कोणाचं ऐकलं नाही. रोज फोन घेऊन बसायची. रिंग द्यायची, उत्तराची वाट बघायची. आणि तशीच एक दिवस फोन हातात असतानाच गेली. मुनियांडीचा सुटलेला नंबर फिरून समाधानकडे आला त्याच्या कितीतरी आधी.

“तुमने जवाब दिया ना,” हनीफ म्हणाला. “अब वो कैसे जाएगी? सच बोल दो उसको.”

त्याने एक वाक्य शिकवलं. ‘नान वेर आळ.’ मी दुसरा माणूस आहे. समाधानने ते घोकलं. मग सिम काढून दोन तुकडे केले आणि दुकानाच्या कचऱ्यात टाकले. बाहेर आला तेव्हा बस गेली होती.

ऑगस्टची रात्र तुम्हाला सांगायला नको. हवा अंगाला ओल्या फडक्यासारखी चिकटते. हातात रिकामी बॅग, डोकं सुन्न. समोर ते थिएटर. लोकांच्या मागणीवरून तोच सिनेमा पुन्हा लागला होता, शेवटचा खेळ. समाधानला वाटलं, आत गारवा आहे, चार माणसं असतील. आणि राहिलेला अर्धा बघून होईल.

आत चार माणसंही नव्हती. पुढे कुठेतरी दोघं झोपलेले. हा मधल्या रांगेत बसला. बॅग पायाशी. शेजारच्या सगळ्या सीटा मिटलेल्या. स्प्रिंगच्या असतात ना, माणूस उठला की वर जातात.

इंटरव्हल झाला. त्याने कधी न पाहिलेला सिनेमा सुरू झाला.

ती गोड पोरगी आता हिरोच्या घरासमोर उभी राहायला लागली. उन्हात, पावसात. त्याचं दुसरीकडे लग्न ठरतं, तर ती नवऱ्या मुलीच्या घरी जाऊन बसते. हिरो पाया पडतो, मला सोड म्हणतो. ती शांतपणे विचारते, फोन कोणी उचलला होता? समाधानला आता शिट्टी आठवेना.  खोटं त्याचं होतं आणि वेड तिचं झालं होतं. पडद्यावर काय आणि इथे काय.

तेवढ्यात खिशात रिंग वाजली.

सिम नसलेला फोन.

एक रिंग. थांबली नाही. दुसरी... तिसरी...

त्याने फोन कानाला लावला. 

“साप्टिंगळा?”

समाधान जेवला नव्हता. सकाळपासून काही खाल्लं नव्हतं. त्याला एकदम रडू आलं. नाही जेवलो, असं म्हणावंसं वाटलं. पण त्याने डोळे मिटले आणि म्हटलं,

“नान वेर आळ.”

त्याने फोन कानाशी घट्ट दाबला.

“मी मुनियांडी नव्हे, बाई. तुझा माणूस गेला. मी समाधान. मी खोटं बोललो. तू जा आता. जा...”

मराठीतच बोलला. हुंदके देत. पलीकडे नुसता श्वास. मेलेल्या माणसाला कसला श्वास? पण होता.

मग आवाज आला. फोनमधून नाही.

डाव्या बाजूने.

“तेरियुम.”

मला माहीत आहे.

समाधानने मान वळवली नाही. डोळ्याच्या कोपऱ्यातून त्याला शेजारची सीट दिसत होती. मिटलेली.

ती खाली आली. हळू... दमलेलं माणूस बसल्यावर येते तशी.

पुढचा सिनेमा त्याने पाहिला की नाही, त्यालाच माहीत नाही.

पहाटे टॅक्सी करून कॅम्पात आला. मला उठवून हे सगळं सांगितलं, दात वाजत होते. मी त्याला गरम चहा पाजला, रामरक्षा म्हटली. त्यानंतर फोन बंद झाले. एकदम बंद. मी म्हटलं, चला, सुटला.

सुटला कसला. पोरगा वाळायला लागला. रात्री गादीवर उठून बसायचा, फोन हातात. पुढच्या रविवारी परतीच्या बसमध्ये नव्हता. त्याच्या पुढच्याही. शेवटी मी थिएटरात गेलो तेव्हा तो मधल्या रांगेत बसलेला. पडद्यावर कुठला तरी मल्याळी सिनेमा. त्याच्या शेजारची सीट खाली होती. झाडूवाल्याने मला सांगितलं, दोनदा स्प्रिंग बदलली, वर जातच नाही.

मी त्याला बाहेर ओढलं. चार शिव्या घातल्या. म्हटलं, अरे, तिकडे रुपाली वाट बघतेय, तीही विचारते ना तुला जेवलास का?

तो म्हणाला, “विचारते, राजाभाऊ. पण ही मेल्यावरसुद्धा विचारायची विसरली नाही. मी तिचा कोणी नव्हे हे माहीत असून विचारते. असं मला कोण भेटणार?”

यावर काय बोलायचं? तुम्ही सांगा.  तुळशीचं लग्न झालं, तारीख टळून गेली, रुपालीच्या वडिलांनी संबंध मोडला. बरोबरच केलं त्यांनी.

आणि यंदा ईदनंतर, कामाच्या दिवशी, समाधान उठलाच नाही. झोपेतच गेला. डॉक्टर म्हणाले, हृदय. असं इथे होतं, जवान पोरांचंही होतं. मी त्याच रात्री त्याच्या भावाला फोन करून स्पष्ट सांगितलं. खोलीतल्या पोरांना बजावलं, त्याच्या मोबाईलला कोणी हात लावायचा नाही. एकसुद्धा रिंग जाता कामा नये.

त्याला विमानात चढवलं त्या संध्याकाळी मी रोल्ल्यात उतरलो. का गेलो, माहीत नाही. झाडूवाल्याने ओळखलं, दार उघडून दिलं. खेळ सुरू व्हायचा होता. अख्खं थिएटर रिकामं, रांगेमागून रांग सीटा मिटलेल्या.

मधल्या रांगेत दोन सीटा खाली होत्या. शेजारी शेजारी.

तिथला एसी मीच बसवलेला, हाडं गोठवतो. मी आधी एका सीटवर हात ठेवला. मग दुसरीवर...

दोन्ही ऊबदार होत्या.