लाल पेरूनंतरची खूण

ही गोष्ट घडलेली आहे. पटत नसेल तर राहू दे. रचनानंही आता लोकांना पटवायचं सोडून दिलंय.

वार-वेळ तिला पाठ आहे. गेल्या डिसेंबरातला दुसरा मंगळवार, दुपारचे तीन. टिळकवाडीतला तिचा दुसऱ्या मजल्यावरचा फ्लॅट. बाहेर लख्ख ऊन.

तिचा नवरा समर्थ जाऊन अकरावा दिवस होता.

समर्थ मच्छे गावातल्या एका कारखान्यात होता. तिथं जोडीच्या डब्या ओततात. एकाच मुशीतल्या पितळेच्या दोन डब्या, तळहाताएवढ्या. एकीत बोललेलं फक्त दुसरीत ऐकू येतं. ना टॉवर, ना नंबर. चोरून ऐकायची सोयच नाही.

बोलणं संपवताना दोघांतल्या एकानं पुढची खूण ठरवायची. पुढच्या वेळी ती खूण म्हटली तरच डबी बोलते. नाहीतर नुसतं गार पितळ.

वकील, व्यापारी त्या गुपितं बोलायला घेतात. समर्थनं एक जोडी घरी आणली होती.

"रचे, आता तुझं भांडण फक्त मलाच ऐकू येणार बघ," तो हसून म्हणाला होता.

शेवटचं बोलणं निपाणीहून परतताना झालं.

"लाल पेरू घेतलेत, पोरीला सांग. खूण बी तीच ठेवूया, लाल पेरू. विसरू नको गं रचे."

संकेश्वरच्या पुढं लॉरीनं त्याच्या गाडीला उडवलं.

कारखान्यात एक रिवाज आहे. जोडीतलं एक माणूस गेलं की तिसऱ्या दिवशी दोन्ही डब्या एकाच मुशीत वितळवायच्या. एकटी कधीच नाही. समर्थला काम शिकवणारे म्हातारे कारागीर, गुंडूअण्णा, त्याच्या खिशात सापडलेली डबी घेऊन घरी आले.

"तुझी दे, बाळ."

"सापडत नाही, अण्णा."

खोटं होतं. तिची डबी तांदळाच्या डब्यात होती. खोटं का बोलली, ते तिला आजही सांगता येत नाही. रडू आलं नव्हतं. काहीच आलं नव्हतं. फक्त हात द्यायला तयार नव्हता.

"पुन्हा बघ की. एकटी वितळवू न्हाय गं."

"नाही सापडत."

अण्णांनी दिवसभर वाट बघितली. संध्याकाळी समर्थचीच तेवढी वितळवली.

त्या मंगळवारी रचना भांडी पुसत होती. तीन वर्षांची चिन्मयी आत झोपली होती. खाली भाजीवालीची हाक चालू होती.

हाक थांबली.

फ्रिजची घरघर थांबली.

आणि तांदळातून...

"लाल पेरू."

रचनानं हात घातला. डबी गरम होती.

"रचना. आहेस?"

आवाज समर्थचाच.

"आहे," ती म्हणाली. दूधवाल्याला उत्तर द्यावं तशी.

"चिन्मयी कुठाय?"

काहीतरी कमी होतं. समर्थ बोलायचा तेव्हा मागं हॉर्न वाजायचे, वारा यायचा, त्याची धाप ऐकू यायची. इथं मागं काहीच नव्हतं...

श्वाससुद्धा नाही.

आणि समर्थ तिला कधी रचना म्हणत नसे. रचे म्हणायचा.

पण खूण बरोबर होती. डबीला तेवढंच कळतं. खूण कोण म्हणतंय, ते कळत नाही.

"पुढची खूण ठरव," आवाज म्हणाला.

तिचा हात झाकणाकडे गेला.

"ठरव, रचना. न्हायतर मला परत येता येणार न्हाय."

तिनं झाकण लावलं. डबी ओट्यावर ठेवली आणि गॅलरीत जाऊन गुंडूअण्णांना फोन केला. चारेक मिनिटं लागली असतील.

आत आली तर ओटा रिकामा...

चिन्मयी अंथरुणात उठून बसली होती. डबी तिच्या मांडीवर.

"कोणी बोललं का गं?"

चिन्मयीनं मान हलवली. नाही.

पाच वाजता मच्छेला रचनाच्या डोळ्यांसमोर डबी वितळली. लाल झाली, बसली, पाण्यासारखी झाली. संपलं.

परतीच्या रिक्षात चिन्मयी म्हणाली, "आई, मी बाबांना खूण दिली."

"कुठली?"

"आईला सांगायची न्हाय म्हणाले."

रचनानं रिक्षा परत वळवली. गुंडूअण्णा ऐकून खालीच बसले.

"धातू गेला. खूण ऱ्हायली. पोरीपाशी."

"मोडायची कशी?"

"तिसऱ्या माणसानं ती म्हटली की जोडी मोडती. कळायला पायजे तेवढी."

चिन्मयी आता बालवाडीत जाते. जेवते, खेळते, हट्ट करते. फक्त रोज दुपारी तीनला, जिथं असेल तिथं थांबते. डोळे मिटते. ओठ हलतात, आवाज येत नाही.

आणि तेवढा वेळ तिची छाती हलत नाही...

रचना आकडे मोजते. सुरुवातीला सात व्हायचे. परवा चव्वेचाळीस झाले. डॉक्टरांनी दोनदा तपासलं, पोर ठणठणीत आहे म्हणाले.

म्हणून ती रोज तीनला शेजारी बसते आणि पोरीच्या कानात शब्द म्हणते. फुगा. झोपाळा. मांजर. नंदगड. आजी. म्हटलेला शब्द वहीत लिहिते. तिसरी वही चालू आहे.

काल रचना म्हणाली, "कुंदा."

समर्थ पगाराच्या दिवशी दुधाचा गोड कुंदा आणायचा. पोरगी बोटं चाटून खायची.

चिन्मयीचे ओठ थांबले.

डोळे मिटलेलेच. ती हसली, आणि तिच्या तोंडून तोच आवाज आला...

"जवळ आलीस, रचना."

आज पावणेतीन वाजलेत. रचना वही घेऊन बसली आहे.