कोण पुढे?

ही गोष्ट खरी आहे. माझ्या सख्ख्या मेव्हण्याची आहे. पटत नसेल तर वाचू नका, पण खाली "रचलेली दिसते" असलं काही लिहू नका. त्याला मी स्वतः खांदा दिलाय.

आणि अमावस्या, वड-पिंपळ, रातकिडे असलं यात काही नाही. एप्रिल महिना. भर दुपार. बाहेर लख्ख ऊन, आणि शेजारी गवत कापायचं मशीन चालू.

गाव अमेरिकेतलं, एरी सरोवराच्या काठचं, पोलादाचं. बेसबॉल टीमचं खरं नाव लिहीत नाही, तिच्याकडे वकील फार आहेत. मी तिला लोहार म्हणतो. अर्धं आयुष्य गेलं माझं या गावात. व्होंद्राकांची आयरीन माझी बायको. तिचा थोरला भाऊ नॉर्बर्ट. सगळे नॉर्ब म्हणायचे.

इथे बाप मेला की पोराला घर मिळेल न मिळेल, टीम मिळते. लोहार सत्तर वर्षं एकही फायनल जिंकले नव्हते. म्हणजे आज्याने बापाला हरणं दिलं, बापाने पोराला. कारखाने बंद पडले, मालक गब्बर झाले. लोकांनी घराचे हप्ते थकवले, पण तिकिटं काढायची सोडली नाहीत.

याला हे लोक प्रेम म्हणतात.

माझा सासरा लॅडी व्होंद्राक त्या पंथातला महंत. मागच्या खोलीत रेडिओ लावून बसायचा. तोंडात सूर्यफुलाच्या खारवलेल्या बिया, पायांत कॉफीचा रिकामा डबा. टरफल थुंकलं की आवाज यायचा.

टिण...

टिण...

कामावरून आला, झोपेतून उठला, की याचा एकच प्रश्न.

"कोण पुढे?"

सासू गेली तेव्हा हा दवाखान्याच्या पार्किंगमध्ये गाडीत रेडिओ ऐकत होता. आयरीन काचेवर टकटक करत होती. याने बोट वर केलं. थांब, एवढी इनिंग होऊ दे.

नॉर्ब शाळेत असताना गावासमोर त्याच्या हातून एक सोपा कॅच सुटला. त्या दिवसापासून बापाने त्याला नावाने हाक मारणं टाकलं. 'चाळण' म्हणायला लागला. नॉर्बच्या लग्नात, चर्चच्या दारात, नव्या सुनेला म्हणाला, "या चाळणीत काय टिकणार, पोरी."

नाही टिकली. गेली ती.

पण शेवटी म्हाताऱ्याचं सगळं केलं ते नॉर्बनेच. साखरेने डोळे गेले होते, कॅन्सर हाडांत उतरला होता. सूप भरवणं, पुसणं, कूस बदलणं. वर शिव्या.

आणि त्याच ऑक्टोबरात लोहार फायनलला पोचले.

फायनल सात सामन्यांची, त्यातला सातवा, शेवटचा सामना परगावी होता. समोरच्यांची शेवटची इनिंग, लोहार एका रनने पुढे. म्हातारा औषधाच्या गुंगीत घोरत होता. शेवटचा चेंडू उंच उडाला, डाव्या कोपऱ्यातल्या पोराने अलगद झेलला.

सत्तर वर्षांनी लोहार जिंकले.

आयरीन आणि मी रस्त्यावर होतो. अख्खं गाव रस्त्यावर होतं. लोक भांडी बडवत होते, हॉर्न वाजवत होते, रडत होते. घरात नॉर्बने रेडिओ बंद केला. तेवढ्यात म्हातारा जागा झाला.

"कोण पुढे?"

"हरले, पॉप."

"कसे?"

"शेवटचा कॅच. सोपा होता. सुटला."

"कुणाच्या हातून?"

"असेल एखादी चाळण."

म्हातारा जरा वेळ ऐकत राहिला. "हा आवाज कसला?"

"लोक भडकलेत. तोडफोड चाललीय."

म्हाताऱ्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. पहाटे गेला.

हे मला नॉर्बनेच सांगितलं. मयतीच्या जेवणात, तोंडात सॉसेज असताना. "आयुष्यभर वाट बघितली रे विल. झकास वाटलं." माझं नाव विलास, पण इथे विल.

त्या आठवड्यात निम्मं गाव कबरस्तानात होतं. लोक मेलेल्या बापांना सांगायला आले होते, जिंकलो म्हणून. कबरीकबरीवर लोहारांचे झेंडे. आयरीनने पॉपच्या कबरीवर एक रोवला. नॉर्बने तो उपटला.

"याला कशाला? हा हरून मेलाय."

मग आला एप्रिल. नव्या हंगामाचा पहिला सामना, दुपारचा. नॉर्बचा फोन आला.

"विल, ये."

"अरे, मॅच सुरू होतेय."

"म्हणूनच ये म्हणतोय."

गेलो. नॉर्ब स्वयंपाकघरात उभा. मागच्या खोलीचं दार बंद.

"ऐक," तो म्हणाला.

मला काहीच ऐकू येईना.

मग लक्षात आलं... काहीच ऐकू येत नव्हतं. खिडकीतून शेजारी दिसत होता, मशीन ढकलत होता, गवत उडत होतं. पण आवाज नव्हता.

आणि मग...

टिण.

"उंदीर असेल," मी म्हणालो.

"उंदीर थुंकतो का?"

दार ढकललं. पलंग केव्हाच काढलेला. मोकळी फरशी, मधोमध कॉफीचा डबा. मी वाकून पाहिलं. आत एक टरफल होतं.

ओलं.

आणि भिंतीकडून, अगदी शांतपणे...

"कोण पुढे?"

मी दाराकडे सरकलो. नॉर्ब मात्र धडाधड बोलत सुटला. "जिंकलो, पॉप. लोहार जिंकले. गेल्या वर्षीच जिंकले. मी खोटं बोललो तुला."



मग... "कुणाच्या हातून?"

त्यानंतर दुपारचा सामना असला की हेच. मी म्हटलं, घर सोड. म्हणाला, "का सोडू? बापाच्या शिव्या खाऊन मिळवलंय." कबरीवर झेंडा घेऊन गेला, ओरडून घसा बसवला. फादरना बोलावलं. तेही लोहारांचेच भक्त. पवित्र पाणी शिंपडलं, मग न राहवून भिंतीला म्हणाले, "लॅडी, देवाशपथ जिंकलो. पाहिलंय मी."

"कुणाच्या हातून?"

फादर पाणी तिथेच टाकून गेले.

तेव्हा मला सुचलं. म्हाताऱ्याचा माणसांवर विश्वास नव्हताच कधी. रेडिओवर होता. त्या सामन्याची कॉमेंट्री गावात घरोघरी जपून ठेवलेली आहे, आमच्याकडेही आहे. ती ऐकव, म्हटलं. ऐकेल आणि जाईल.

रविवारी दुपारी आम्ही तिघं त्या खोलीत बसलो. नॉर्ब, आयरीन, मी. टेप लावली. ती कॉमेंट्री मला पाठ आहे, शेंबड्या पोरांनाही पाठ आहे.

डब्यात टरफलं पडत होती. टिण... टिण...

शेवटचा चेंडू आला.

"उंच... खूप उंच... डाव्या कोपऱ्यात... तो चेंडूखाली आलाय... सोपा आहे..."

टिण थांबलं.

मी नॉर्बकडे पाहिलं. त्याने नकळत दोन्ही तळवे जोडून ओंजळ केली होती. शाळकरी पोरासारखी.

"...सुटला."

आयरीनने माझा दंड पकडला. कॉमेंटेटर थांबला नाही. सांगत गेला. दोन रन निघाले. लोहार हरले. हजारो लोक जल्लोष करत होते, समोरच्यांचे.

आणि भिंतीकडून एक उसासा. मला माहीतच होतं, असा.

टेप घेऊन मी धावत माझ्या गाडीत आलो. लावली. झेलला. जिंकले. परत घरात नेली.

सुटला.

आम्ही नॉर्बला ओढून न्यायला पाहिलं. तो हलला नाही. त्या दिवसापासून तो टेपच लावून बसायचा. "आज झेलेल बघ." नोकरी गेली. गावात विजयाचा चौक झाला, भिंतीवर चित्रं रंगली. अख्ख्या गावात लोहार जिंकायचे बाकी होते ते या एका माणसासाठी. शेवटी शेवटी त्याचे ओठ मिठाने फाटले होते, आणि डबा त्याच्या पायांत असायचा. खोलीत टिण वाजायचं तेव्हा थुंकतंय कोण, हे मला कळेनासं झालं होतं.

दोन वर्षांनी दवाखान्यात न्यावं लागलं. यकृत संपलं होतं. डिसेंबरची दुपार, बाहेर बर्फ, कुठेही सामना नाही. आयरीन उशाशी बसली होती. मी कॉफी घेऊन दारात.

नॉर्बने डोळे उघडले.

"आयरीन... कोण पुढे?"

तिने त्याचे दोन्ही तळवे हातात घेतले. वाकली. सांगितलं.

त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. पुन्हा वळला नाही.

बाहेर व्हरांड्यात ती माझ्या खांद्यावर रडली. "निदान ऐकून तरी गेला. जिंकलो म्हटलं मी. ऐकलं ना रे त्याने?"

"ऐकलं," मी म्हणालो.

पण मी दारातच होतो. मी स्पष्ट ऐकलंय. तिचाच आवाज, तिचेच ओठ.

"हरले, नॉर्ब."

तिला मी सांगितलेलं नाही. तिला मराठी वाचता येत नाही, म्हणून इथे लिहितोय.

सामन्याच्या दुपारी पेट्रोल पंपावर, दुकानात, कुणीतरी सहज विचारतं, "काय विल, कोण पुढे?" मी खांदे उडवतो आणि निघतो. लोकांना वाटतं, विल म्हातारपणी चक्रम झालाय.

मला माहीत असतं, कोण पुढे आहे ते.

तोंड उघडलं तर काय बाहेर येईल... ते माहीत नसतं.