हळू बोललेलं

“मी सांगेपर्यंत कुणी हलायचं नाही. श्वास घ्या, पण हळू.”

त्याचं हे पहिलं बोलणं अजून कानात आहे. घर रिकामं करायच्या नोटिसांवर आमच्या कार्यालयात सुनावणी होते. नाव पुकारून माणसाला आत सोडायचं, हे माझं काम. सुनावणीला येणाऱ्या साध्या माणसांवर माहितीपट करायला काही मंडळी आली होती. तो त्यांचा साउंडवाला. माणसांचं बोलणं झालं की नुसत्या खोलीचा आवाजही त्याला हवा असायचा — म्हणून पंखे बंद, आणि आम्ही सगळे पुतळ्यासारखे. मी हळूच वर पाहिलं. हेडफोन चढवून तो माझ्याकडेच बघत होता... आणि मी हलले.

“तुमच्या बांगड्या बोलल्या,” तो म्हणाला.

मग पंखा बंद करायची विनंती घेऊन तो रोज माझ्याच टेबलाशी येऊ लागला. बटण दाराजवळ होतं, तरीही. शेजारच्या टायपिस्टबाईंनी एकदा विचारलंच, उकाडा आम्हाला आणि गारवा तुला, हे कसं गं?

एका दुपारी त्याने मला जिन्यात थांबवलं. चेहरा उतरलेला. आठवड्यापूर्वी एका आजींच्या गळ्याशी त्याने छोटा माईक लावला होता. त्यांना आत सोडताना मी कानाशी लागून काही बोलले होते, ते त्यात आलं होतं.

आम्ही कुणाला सल्ला द्यायचा नाही, असा नियम. नोकरी जाऊ शकते. आणि घर माझ्याच पगारावर.

“कुणाकुणाला ऐकवलंत?”

“कुणालाच नाही. ‘घर सोडायच्या कागदावर आज सही करू नका आजी, मुदत मागा, मिळते’ — एवढंच आहे. पुसून टाकू?”

आजींनी मुदत मागितली होती. घर तूर्त वाचलं होतं. पण बाहेरच्या बाकांवर बसलेल्या कितीतरी जणांना, मुदत मागता येते हेच माहीत नसतं. मी मनातल्या मनात देवाचं नाव घेतलं.

“पुसू नका. माहितीपटात राहू द्या. लोकांना कळेल तरी.”

“आणि तुमची नोकरी?”

“साहेबांना दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी मीच सांगेन. आजच.”

तो हेडफोनची वायर बोटाला गुंडाळत राहिला, सोडत राहिला.

“वाक्य आजींसाठी होतं, कबूल. पण तो आवाज... आठवडाभर रोज ऐकतोय. असं हळू कुणीतरी माझ्याशीही बोलावं, असं वाटतं. कुणीतरी म्हणजे... तू.”

तू — आणि मी उगाच बांगड्या मागे सारल्या.

“असलं काही जिन्यात सांगतात का?”

“इथे आवाज छान घुमतो.”

हसू आलं, आणि डोळेही भरून आले.

“मग थांब इथेच,” मी म्हणाले. “खाली आल्यावर उत्तर देते.”

तो पायरीवर बसला. वरच्या मजल्यावर साहेब जेवण उरकून खोलीत आले होते. मी कठड्याला हात लावला आणि जिना चढू लागले.