खिडकीतली दोन्का

धरणाखाली बुडालेल्या गावावरच्या माहितीपटासाठी स्नेझिना जुनी रिळं धुंडाळत होती. सोफियातल्या फिल्मसंग्रहाच्या तळघरात तिची उमेदीची वर्षं गेली होती. दृश्यात कोण आहे, ते कधीचं आहे, हे ती छातीठोकपणे सांगेल तेव्हाच ते माहितीपटात जाई. कुजत्या रिळांचा व्हिनेगरसारखा आंबूस वास तिच्या केसांत कायमचा बसला होता.

त्या दुपारी तिनं मिन्चोकाकांना बोलावलं. त्या गावचा हाताशी लागलेला हा एकच म्हातारा. चेहरे ओळखायचे, घोटभर रकिया प्यायची आणि घरी जायचं, एवढंच काम. पण काकांचाही स्वार्थ होता. इकडे वारलेल्या माणसाचा फोटो छापून दरवर्षी दारावर लावतात. काकांची धाकटी बहीण दोन्का लहानपणीच गेली, तिचा फोटोच नव्हता. त्यांच्या दारावरच्या कागदात फोटोची जागा जन्मभर कोरी राहिली होती.

"तेवढं बघ, पोरी. माझ्यामागे तिचा चेहरा ओळखणारं कोणी नाही."

फिल्म बघायच्या टेबलावर रीळ घरघरू लागलं, त्याच्या छोट्या पडद्यावर चित्रं हलू लागली. गाद्यांनी लादलेल्या बैलगाड्या, बाह्या सारलेली माणसं, चर्चचा मनोरा. मागच्या घराच्या खिडकीत वेणी घातलेली एक मुलगी स्थिर उभी होती.

काकांनी मान आडवी हलवली. इकडे होकार तसाच देतात. नकाराला मान वरखाली करतात.

"दोन्काच."

"मनोऱ्यात घंटा नाही, काका. ती गाव सोडताना उतरवली. म्हणजे हे त्याच उन्हाळ्यातलं."

"उन्हाळ्यातलं कसं असेल... ती आधीच्या थंडीतच गेली. मूठमाती मीच दिली."

स्नेझिनानं रीळ मागे गुंडाळून पुन्हा लावलं. मुलगी तिथेच होती.

काका पडद्याजवळ झुकले. "दोन्के... एकटीच उभी आहेस गं. मी येऊ?"

मुलीनं सावकाश मान वरखाली केली.

"अजून तश्शीच हट्टी," म्हणत काका ओक्साबोक्शी रडले.

स्नेझिनानं तो चेहरा छापून दिला आणि काकांच्या दारावरची कोरी जागा भरली. माहितीपटाच्या दिग्दर्शकाला मात्र तिनं रीळ खराब असल्याचं सांगितलं. त्या दृश्याखाली काळ कुठला लिहिणार? पुढे ती अधूनमधून ते एकटीच लावून बघे. मुलगी दर वेळी नकार देई, आणि ते पाहून तिला बरं वाटे. एकदा उमटलेली फिल्म बदलत नाही, हे ती नवख्यांना शिकवत आली होती. तो नकार आता कायमचा, असं तिनं धरून ठेवलं होतं.

पानगळीच्या एका सकाळी, रीळ पुरतं कुजायच्या आत नक्कल काढावी म्हणून तिनं ते टेबलावर चढवलं. बैलगाड्या गेल्या, मनोरा गेला, खिडकी आली.

मुलीनं मान आडवी हलवली.

स्नेझिनानं काकांच्या घरचा फोन फिरवला. पलीकडे घंटी वाजत राहिली. कोणी उचलेना. तिनं पुन्हा पडद्याकडे पाहिलं. मुलगी आता खिडकीच्या मधोमध नव्हती. शेजारी आणखी एका माणसाला उभं राहता येईल, एवढी ती कडेला सरकली होती.