उशाशी टांगलेलं इंद्रजाल

नळाला पाणी यायची पाळी होती, म्हणून मी दुपारचा ड्रम घासत बसलो होतो. तेवढ्यात आमचा राजेंद्र शहागंजाच्या बाजारातनं काचेची फ्रेम घेऊन आला. आत काळी, वाळकी, जाळीदार फांदी.

"इंद्रजाल हाय बाबा. आईच्या उशाशी टांगायचं. दमा जातोय म्हणं."

मी म्हणलं, "माझ्या बापानं गंडे-ताईत उकिरड्यावर टाकून बुद्धाची वाट धरली. अन् तू बी.ए. होऊन काड्या टांगतूस व्हय रे?"

त्याची पोरगी विशाखा फ्रेम बघून ओरडलीच. "पप्पा, हे झाड नाय! समुद्रातला जीव हाय, प्रवाळ. बंदी हाय ह्याच्यावर. चोरून, जाळ्यानं उपटून आणतेत."

"मेलंय ना आता? मग झालं तर," म्हणून त्यानं खिळा ठोकला.

केसरबाईच्या, म्हंजे माझ्या बायकोच्या, छातीची शिट्टी शेजाऱ्याच्या घरात ऐकू जायची. दोन-तीन दिवस गेले. एका दुपारी लाइट गेली, पंखा थांबला, अन् ध्यानात आलं... शिट्टी बंद हाय.

आत गेलो. फ्रेमखालची भिंत ओली होती. नळ कोरडा ठाक, अन् भिंतीला पाझर! बोट लावून चाखलं. खारट. खोलीत सुकटीचा वास भरलेला.

"अगं..."

"मला वर ओढू नका..." ती डोळे मिटूनच बोलली. "वर हवा हाय..."

मी पुढं सरलो. फ्रेम काढायला हात घातला, तसं तिनं मनगट धरलं. हात थंडगार, ओलाचिंब.

"राहू द्या... त्याला तरी आता कुठं जागा हाय..."

संध्याकाळी राजेंद्र आला. शिट्टी नाय बघून गडी हरखला. "आला का नाय गुण? उगं बडबडता तुम्ही. उद्या आमच्या खोलीला पण एक आणतो. दुकानात पोतं भरून पडलंय."

पोतं भरून जीव, अन् ह्याला गुण दिसतोय.

मी केसरबाईपाशी जाऊन बसलो. तोंडावर तजेला होता. कितीतरी वेळ बघत राहिलो, पण तिची छाती काय हलंना. शेवटी तिच्या नाकाखाली तळहात धरला.

तिनं डोळे उघडले. हसली.

"असं काय बघताय? बरी हाय मी."

आवाज ठणठणीत होता. पण ती बोलली तवासुद्धा माझ्या तळहाताला वारा लागला नाय.